शेवंतीकाकीचे गडगे

मी शेवंतीकाकीला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती दुसऱ्याच्या शेतातली माती घमेल्यात भरत होती आणि त्या शेताचा मालक बांधावर उभा राहून बोंब मारत होता.

१९५४ चा जुलै. मी बांधबंदिस्तीच्या कामावर सर्व्हेअर होतो. तीन वर्षं सोलापूरकडच्या माळरानांवर बांध आखून नुकताच बदलीवर बोरिवलीला घरी आलो होतो. दहिसरच्या अण्णा राऊतांचा अर्ज आला होता, की वरच्या टेकडीवरून माती वाहून आली आणि त्यांची भाताची लावणी गाडली गेली. पाहणी करायला मी सायकल मारत निघालो. पाऊस थोडा थांबला होता. पोचतो तो हा तमाशा.

"ए बाई, ठेव ते घमेलं खाली!" अण्णा ओरडत होते. धोतर गुडघ्यांच्या वर खोचलेलं, हातात छत्री.

"कित्याक ठेवू? माती माझी आसा!"

"माझ्या शेतात आली ती माझी!"

"तुझी आसा, तर मग सरकारात रडत कित्याक गेलास?"

अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. "हे बघा, सरकारी माणूस आला! साहेब, तुम्हीच सांगा हिला."

"सांग रे बाबा," तीही म्हणाली. कमरेवर हात, पायांना पोटऱ्यांपर्यंत लाल चिखल. "माती कोणाची?"

मी खाली वाकून चिमूटभर माती घेतली. वर टेकडीकडे पाहिलं. उतारावर नाचणीचे फाटके पट्टे होते आणि त्यांच्यामधून वाघाच्या नखांनी ओरबाडल्यासारख्या घळी खाली आल्या होत्या. "माती ह्यांची," मी म्हणालो, "आणि नुकसान तुमचं."

त्यावर दोघंही माझ्यावरच उखडले.

शेवंती मूळची मालवणकडची. लग्न होऊन परळला आली, नवरा दत्ताराम गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, कामाला. बारा बाय दहाच्या खोलीत पंधरा वर्षं काढली. मग कापसाच्या धुरोळ्याने दत्तारामच्या छातीत दमा बसला, आणि डॉक्टरने सांगितलं की मोकळी हवा हवी. गावाला भावाभावांत वाटणीला काही उरलं नव्हतं. कोणाच्या तरी ओळखीने दहिसरच्या टेकडीवरचा दोन एकर उतार खंडाने मिळाला आणि १९५२ मध्ये ही दोघं तिथे झोपडं बांधून राहिली. मूलबाळ नव्हतं. मुंबईत राहून तिची भाषा मुंबईची झाली होती, पण राग आला किंवा आनंद झाला की ती थेट मालवणीत उतरायची. मला तिची मालवणी जास्त ऐकायला मिळाली.

त्या दिवशी भांडण मिटवायला मी एक तोडगा काढला. अण्णांच्या शेतावर जेवढा नवा थर आलाय तेवढा काढायचा, आणि काकीने तो वर न्यायचा. म्हणजे शेत मोकळं होईल आणि माती धन्याकडे जाईल. अण्णांना हे पटलं नाही, पण त्यांना माती काढून तर हवीच होती. पाऊस उघडल्यावर काम सुरू झालं. थर एक वीत असेल असं मला वाटलं होतं. आम्ही खणत गेलो. वीत झाली, हात झाला, तरी तीच लाल, खडीमिश्रित माती! काळी भातजमीन लागेचना. आणि दीड हातावर कुदळ ठणकन वाजली.

"दगड," दत्ताराम म्हणाला.

"साधा नाय," काकी खाली बसली. तिने हाताने चिखल पुसला. दगडाचा माथा घडीव होता आणि त्याच्यावर छिन्नीने कोरलेली फुली होती.

अण्णा छत्री टाकून खाली उतरले. त्यांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. "हा आमचा हद्दीचा दगड! माझ्या बापाने सांगितलेला. आम्ही अख्खी हयात शोधतोय! बाप म्हणायचा, त्यावर बसून तो न्याहारी करायचा."

"बसून?" मी विचारलं. "म्हणजे दगड जमिनीच्या वर होता?"

"गुडघाभर वर!"

मी तसाच टेकडीवर पळालो. काकी माझ्यामागून. वर ऐनाचं एक जुनं झाड उभं होतं. त्याची मुळं जमिनीच्या वर उघडी पडून कोळ्याच्या पायांसारखी दिसत होती. मी पट्टी लावली. मुळं जिथून फुटतात ती जागा जमिनीपासून दोन हात वर! झाड काही हवेत उगवत नाही. म्हणजे एके काळी जमीन तिथपर्यंत होती.

"अण्णा," मी वरूनच ओरडलो, "इथे झाडी कधी होती?"

"गच्च होती!" खालून आवाज आला. "आधी कोळशाच्या भट्ट्या लागल्या. मग लढाईच्या वर्षांत सरपणासाठी राहिलेलं सगळं तोडलं. नंतर गवत कापायला देत होते. मग नांगर लागला!"

सोलापूरला मी मातीची धूप म्हणजे काय ते कागदावरच्या आकड्यांत शिकलो होतो. इथे ती माझ्यासमोर उभी होती. वरचं झाड दोन हात उघडं आणि खालचा दगड दीड हात गाडलेला. अण्णांच्या बापापासून आतापर्यंत अख्खी टेकडी चालत खाली आली होती आणि कोणी तिला जाताना पाहिलं नव्हतं.

काकी त्या मुळांवर हात फिरवत होती. "नंदकिशोर," ती म्हणाली. 'रे बाबा' गेलं, नाव आलं. "हे वरती कसा धरायचा ते तुका येता?"

"येतं!" मी छातीठोकपणे म्हणालो.

मला काय माहीत, की मला अर्धंच येत होतं!

पुढच्या उन्हाळ्यात मी डंपी लेव्हल घेऊन आलो. तीन पायांवरची दुर्बीण लावायची, समोर माणसाने खुणांची पट्टी धरायची, आणि उतारावर एकाच उंचीवरच्या जागा शोधत जायचं. त्या जागा जोडल्या की समपातळीची रेघ तयार होते. तिच्यावर बांध घातला की पाणी एका बाजूला पळत नाही. पट्टी धरायला दत्ताराम आला. पंधरा वर्षं साच्यावर ताणे सरळ ठेवलेला माणूस! मी चुन्याने आखलेली रेघ टेकडीच्या कुशीत शिरते, बाहेर येते, पुन्हा शिरते, हे पाहून त्याचा जीव कासावीस झाला.

"ही कसली रेघ, यार? दारू प्यायल्यासारखी चाललीय!"

"काका, डोळ्यांना वाकडी दिसते. पाण्याला सरळच आहे."

"पाणीपण दारू प्यायलं असेल," तो पुटपुटला. पण पट्टी त्याने ओळंब्यासारखी सरळ धरली.

मातीचे सहा बांध घातले. सोलापूरला घालायचो तसेच, रुंद आणि ठाकठीक. तिकडे थेंबन्थेंब अडवून मुरवायचा असतो. मी ते काम डोळे मिटून करू शकत होतो, आणि खरं सांगायचं तर मी ते डोळे मिटूनच केलं.

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात सोलापूरच्या अख्ख्या पावसाळ्याचा निम्मा पाऊस दोन दिवसांत पडला. वरचा बांध तुडुंब भरला, फुगला आणि फुटला. त्याचं पाणी दुसऱ्यावर आदळलं, तो फुटला. मग तिसरा, चौथा. मी पोचलो तेव्हा सगळं अण्णांच्या शेतात होतं, माझे बांधसुद्धा! अण्णा गाडलेली रोपं एकेक करून उपसत होते. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. मी चिखलात उभा होतो आणि नोकरी सोडून कुठेतरी कारकुनी करावी असं मनात येत होतं.

"नंदकिशोर! अरे मेल्या, हंय ये! हंय बघ!"

काकी पाचव्या बांधापाशी उकिडवी बसली होती. तिच्या आवाजात राग नव्हता. ती चक्क आनंदाने ओरडत होती! मी धावलो. बांध दोन्हीकडून वाहून गेला होता, पण मधला दहा-बारा हातांचा तुकडा शाबूत होता. शेत साफ करताना काकीने वेचलेले दगड तिथे बांधाला टेकवून रचून ठेवले होते. पुढची माती गेली होती, दगड उभे होते. आणि दगडांच्या मागे ओल्या खव्यासारखा मातीचा मऊ थर जमला होता. ताजा. वीतभर.

"पाणी गेला, माती ऱ्हवली!" तिने तो थर तळव्याने थोपटला. "माझो बापूस काय करी, माहीत आसा तुका? गडगे बांधी!"

गडगा म्हणजे कोकणात वाडीभोवती असते ती नुसत्या दगडांची भिंत. चुना नाही, चिखल नाही. दगडावर दगड. तिचा बाप त्या कामात पंचक्रोशीत नावाजलेला होता, आणि मुलगा नसल्याने लेकीला हाताशी घेऊन फिरायचा. हे मला त्या दिवशी, भर पावसात, फुटलेल्या बांधावर बसून कळलं.

"तुझो बांध पाण्याक अडवता. पाणी रागावता," ती म्हणाली. "गडगो पाण्याक वाट देता. मातीक नाय. तुझी रेघ बरी आसा रे. बांध खोटो."

तुझी रेघ बरी आसा! मला वाटलं तिला उचलून घ्यावं.

त्या डिसेंबरात काम सुरू झालं. पहिला दणका दगडानेच दिला. तिच्या गावचा जांभा विटेसारखा कापता येतो. दहिसरचा दगड काळा, टणक, अडेल. त्याला कोन येईल तसाच येतो. पहिले आठ दिवस ती रचायची आणि स्वतःच लाथ मारून पाडायची. डाव्या अंगठ्याचं नख काळं-निळं होऊन गळून पडलं, त्यावर चिंधी बांधून ती पुन्हा दगड फिरवून बघायची. नवव्या दिवशी तिने एक धोंडा चारदा फिरवला, पाचव्यांदा बसवला, वर उभी राहून नाचली आणि म्हणाली, "हा! आता कळला ह्याचा तोंड खंय आसा ता!"

त्यानंतर ती थांबली नाही. पाया हातभर खोल. मोठे धोंडे खाली, भिंतीची पाठ डोंगराकडे किंचित झुकलेली, फटींत चिपा ठोकलेल्या. प्रत्येक गडग्याच्या सगळ्यांत खोलगट जागी जास्तीचं पाणी उतरायला दगडी सांडवा. आणि मागच्या बाजूने वाळ्याचे ठोंब, त्यांची मुळं दगडांना आतून शिवून टाकतील म्हणून.

मार्चमध्ये अण्णा राऊत वर आले. हात मागे बांधून एकेक गडगा बघत फिरले.

"दगड कमी पडतायत गं तुला," ते म्हणाले.

"पडतत. ओढ्यातसून डोक्यावरून आणतंय."

"माझे बैल आहेत. फळीवरून ओढून आणतील." मग घसा खाकरून, "पण एक अट आहे. शेवटच्या गडग्याचं पाणी माझ्या शेताच्या मध्ये सोडायचं नाही. कडेच्या चरातून काढायचं."

"चर कोण खणतलो?"

"मी खणीन."

"मग बैल धाड."

एवढंच. दोन वर्षांचं भांडण चार वाक्यांत मिटलं. मे संपता संपता सहाच्या सहा गडगे उभे राहिले, माझ्या चुन्याच्या रेघांवर, टेकडीच्या कुशीत शिरत आणि बाहेर येत. दत्ताराम खालून बघून म्हणाला, "आता वाकडी नाही वाटत."

आणि मग १९५६ चा जुलै आला!

सकाळी दहाला आभाळ फाटलं. मी बोरिवलीहून निघालो तेव्हा रस्त्यावर गुडघाभर पाणी होतं, सायकल खांद्यावर घेऊन पोचलो. टेकडीवर जणू नदी सुटली होती. पहिला गडगा धरून होता, दुसरा, तिसरा. फटीफटींतून पाणी कारंज्यांसारखं उडत होतं. चौथ्यापाशी काकी आणि दत्ताराम उभे होते, काकीच्या डोक्यावरचं इरलं वाऱ्याने कधीच उडून गेलेलं.

"पोट येताहा!" ती ओरडली.

खरंच, गडग्याची मधली बाजू पुढे फुगत होती. मला क्षणभर समजेना. सगळे गडगे सारखेच, मग हाच का? काकीने भिंतीमागे हात घातला आणि ओंजळभर पाचोळा वर काढला. वरून वाहून आलेला पालापाचोळा आणि गवत फटींत अडकून बुजलं होतं. गडग्याचा बांध झाला होता! आणि बांधाचं काय होतं ते मला चांगलं माहीत होतं.

आम्ही तिघं कंबरभर पाण्यात उतरलो. हातांनी पाचोळा ओरबाडून काढू लागलो. एक फट मोकळी केली की दुसरी बुजत होती. खालून अण्णा फावडं घेऊन धापा टाकत वर आले आणि न विचारता आमच्यात घुसले. तरी पाणी चढतच होतं. तेवढ्यात काकी गडग्यावर चढली, सांडव्यापाशी गेली आणि तिने वरचे दगड उचकटायला सुरुवात केली.

"अगं काय करतेस!" दत्ताराम किंचाळला. "स्वतः बांधलेला स्वतः मोडतेस?"

"मोडतंय! नायतर सगळोच जायत!"

ती काय करतेय ते माझ्या लक्षात आलं. सांडवा खोल केला तर पाणी तिथून उतरेल आणि भिंतीवरचा दाब हलका होईल. मीही चढलो. एक दगड, दोन, चार. तिने इतके घट्ट बसवले होते की निघता निघेनात! पाचवा धोंडा दोघांनी मिळून उपसला आणि पाणी धाडकन त्या वाटेने सुटलं. पायाखालचा गडगा थरथरला.

थरथर थांबली. फुगवटा होता तिथेच राहिला. गडगा उभा होता!

"टिकला!" दत्ताराम दम्याचा माणूस, पण त्याची ती आरोळी दहिसर नाक्यावर ऐकू गेली असेल.

"थांबा," अण्णा म्हणाले. "खाली चला. पाणी बघू."

आम्ही चौघं घसरत, पडत, पळत खाली आलो. सहाव्या गडग्यातून पाणी अण्णांच्या नव्या चरात पडत होतं. अण्णांनी वाकून ओंजळ भरली आणि आमच्यापुढे धरली. पाण्याखाली त्यांच्या तळव्यावरच्या रेषा दिसत होत्या. एकूण एक रेषा! मागच्या वर्षी याच जागी पाणी विटेच्या रंगाचं होतं.

मग काकी हसायला लागली, आणि तिचं बघून आम्ही सगळेच, भर पावसात, वेड्यासारखे हसत सुटलो.

त्या साली प्रत्येक गडग्यामागे वीत-दीड वीत माती साठली. दिवाळीनंतर काकीने प्रत्येक भिंतीवर आणखी एक थर चढवला, चौथ्याचा सांडवा दुप्पट रुंद केला, आणि सगळ्यांत वर पाचोळा अडवायला करवंदीच्या काट्यांचं कुंपण घातलं. पुढच्या पावसात पुन्हा माती साठली. उतार मोडला, पायऱ्या तयार होऊ लागल्या. १९५८ मध्ये खालच्या दोन पायऱ्या इतक्या सपाट झाल्या की त्यांत पाणी उभं राहिलं आणि काकीने चक्क टेकडीवर भात लावला! रोपं अण्णांच्या शेतातली. नाचणीही अशी आली, की कणसांच्या भाराने ताटं वाकली. दत्ताराम सकाळ-संध्याकाळ पायऱ्या चढायचा, आणि छातीतली घरघर कमी झाली असं सांगायचा. मी ते मान्य करायचो.

मी वरिष्ठांना अहवाल लिहिला. कशामुळे चूक झाली, तेही लिहिलं. कोरड्या मुलखातला बांध इथे तसाच घातला, ही चूक माझी. समपातळीवर गडगा घालण्याची अक्कल शेवंती दत्ताराम घाडी यांची. मोठे साहेब स्वतः बघायला आले, बूट काढून सहाही गडगे चढले आणि खाली येऊन एवढंच म्हणाले, "कर्णिक, हे दुसरीकडे कुठे जमेल?"

जमेल का! मी यादीच काढून दिली. पवईच्या मागचे उतार, मुलुंडच्या डोंगरपायथ्याची वरकस, हलक्या मातीची शेतं, कांदिवलीच्या टेकड्या.

मुलुंडला आम्ही गेल्या आठवड्यात गेलो. हे लिहितोय तेव्हा १९५९ चा डिसेंबर आहे. तिथल्या शेतकऱ्यांनी ऐकीव माहितीवर एक गडगा आधीच बांधून ठेवला होता आणि पंचवीस-तीस माणसं मोठ्या उत्साहाने जमली होती. काकीने भिंत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालत पाहिली, मध्ये थांबली आणि तिला एक सणसणीत लाथ मारली. चार दगड गडगडले.

"उभे दगड लावलास," ती म्हणाली. "आडवे लाव. त्यांका झोपव, मगे ते जागचे हलायचे नाय."

गर्दीतून एक उंच, दांडगी बाई पुढे आली. तिने पदर खोचला. "दाखवा, काकी. मी लावते."

"नाव काय तुझा?"

"जयंती."

"ये. पायो आधी खणूया. हातभर खोल. कुदळ आण."

मी लेव्हलचे तीन पाय उघडून जमिनीत रोवले आणि दुर्बीण बसवली. समोर चाळीस हातांवर दत्ताराम पट्टी धरून उभा होता, ताठ.

"आता डावीकडे या, काका," मी ओरडलो. "अजून. अजून थोडं. बस, तिथेच! चुना टाका!"